घसेरावांचा घसा

लग्न करायचं तर माणसाशी करावं, नटाशी करू नये, असं टाकेबाई येता-जाता म्हणायच्या. कुणा पोरीबाळीला शहाणपण शिकवायला नव्हे हो, स्वतःलाच म्हणायच्या. घरात त्यांचं ऐकायला दुसरं होतं कोण? नवरा होता, पण असून नसल्यात जमा. नाटकात बघावं तर हा माणूस खिडकीतून उडी मारतोय, दुसऱ्याच्या बायकोच्या पायाशी बसून पानंच्या पानं बोलतोय, लोक हसून खुर्चीवरून खाली यायचे बाकी आहेत. आणि घरी आला की तोंडाला कुलूप.

टाकेबाई त्याच नाटक कंपनीत कपडेपट सांभाळायच्या. रंगमंचाच्या मागे, जिन्याखालून वाकून जावं लागतं अशी एक खोली. एका बाजूला लोखंडी पाइपवर टांगलेले कोट आणि झगे, दुसऱ्या बाजूला इस्त्रीचं टेबल, मध्ये पाय मारायचं जुनं मशीन. टाकेबाईंच्या गळ्यात मापपट्टी, त्यावर नाडीनं बांधलेली कातर, आणि खांद्याशी ब्लाउजला टोचलेल्या टाचण्या. मिठी मारायला येणारा माणूस आधी विचार करील, असं त्यांचं ध्यान. अर्थात येत कुणी नव्हतं.

त्यांना टाकेबाई हे नाव पडलं एका कोटामुळे. कंपनीचं सध्याचं नाटक म्हणजे लफड्यांचा फार्स. एक बाई, तिचा नवरा, तिचा प्रियकर, आणि खोलीत एक मोठं कपाट. दुसऱ्या अंकात नवरा अवचित घरी येतो, प्रियकर कपाटात लपतो. त्याला घरात घेतलं म्हणून घाबरलेली मोलकरीणही त्याच्या मागोमाग आत शिरते. अंकाच्या शेवटी नवरा कपाट उघडतो, प्रियकराची कॉलर धरतो, ओरडतो, "कोण आहेस तू? बोल." आणि खेचतो. त्याबरोबर कोट पाठीतून टर्रकन फाटतो, दोन बाह्यांत दोन तुकडे घेऊन प्रियकर बनियनवर पळत सुटतो, पडदा पडतो. नाटकातला सगळ्यात मोठा हशा तो.

तो हशा टाकेबाईंच्या हातात होता. कोटाची पाठ कच्च्या टाक्यानं जोडायची, लांब लांब टाके, एकेरी दोरा, गाठ न मारता. एका झटक्यात उसवलं पाहिजे, पण त्याआधी हात वर केला तर उसवता कामा नये. प्रत्येक प्रयोगाला कोट फाटायचा आणि पुढच्या प्रयोगाआधी त्या तो पुन्हा शिवायच्या. शिवायचं ते फाडण्यासाठीच, असलं काम जगात दुसऱ्या कुणाच्या वाट्याला आलं नसेल.

तो कोट घालायचा त्यांचा नवरा. प्रियकराचं काम त्याचंच. वय प्रियकराचं राहिलं नव्हतं, पण केस काळे करून आणि पोट आत ओढून भागत होतं. कंपनीत त्याला सगळे घसेराव म्हणत, कारण तो घशाला जितका जपायचा तितकं कुणी तान्ह्या मुलालाही जपत नाही. फार वर्षांपूर्वी ऐन प्रयोगात त्याचा आवाज बसला होता. घशाच्या डॉक्टरांनी सांगितलं, काही दिवस कामाव्यतिरिक्त बोलू नका. ते डॉक्टर पुढे रिटायर झाले, दवाखान्याच्या जागी चष्म्याचं दुकान आलं, पण घसेरावांचं मौन काही सुटलं नाही. आवाज फक्त रंगमंचासाठी. घरी सगळा कारभार इशाऱ्यांवर. एक बोट वर म्हणजे चहा. दोन बोटं म्हणजे गरम पाण्यात मीठ. पंजा आडवा म्हणजे पुरे. भुवई वर म्हणजे भाजीत काहीतरी कमी. आणि डोळे मिटले की समजायचं, विषय संपला.

आणि टाकेबाईंचा पिंड बोलण्याचा. इस्त्री करता करता, भाजी चिरता चिरता त्या दिवसभराचं सगळं सांगायच्या. नायिकेचा झगा पुन्हा कमरेत होत नव्हता आणि बाई म्हणतात, तुमची पट्टीच चुकते. "मी म्हटलं, चुकत नाही हो, आटली आहे, काल धुतली ना." सांगून त्या स्वतःच हसायच्या. समोर घसेराव मिठाचं पाणी पीत वर्तमानपत्राचं पान उलटायचे. डोळ्याची पापणी हलायची नाही. भिंतीशी बोलावं तर भिंतीचा एखादा पोपडा तरी पडतो. इथे तेवढंही नाही.

गंमत म्हणजे हाच माणूस लग्नाआधी कपडेपटात पालथ्या ट्रंकेवर बसून तासन्‌तास बडबड करायचा. बटण लावून घ्यायला यायचा आणि बटण लागलं तरी उठायचा नाही. पुढे पुढे तर स्वतःच बटणं तोडून आणायला लागला. टाकेबाई त्या बोलण्यावरच भाळल्या होत्या, कारण रूपावर भाळावं असं त्यात काही नव्हतं. आता त्यांचं मागणं फार मोठं नव्हतं. दागिने नकोत, सहल नको. घरी, चहाच्या वेळी, या माणसानं आपणहून एक वाक्य बोलावं. एक. तेवढ्यावर त्यांनी पुढची वर्षं काढली असती.

अशात मोलकरणीच्या कामाला नवी मुलगी आली. खऱ्या नावानं तिला कंपनीत कुणी हाक मारलीच नाही, पहिल्या दिवसापासून ती मोलकरीणच झाली. चुणचुणीत, घसेरावांच्या निम्म्या वयाची, हसली की दोन्ही हातांनी तोंड दाबायची.

आता इथे कपाटाची एक गोष्ट सांगायला हवी. प्रेक्षकांना ते अस्सल सागवानी वाटायचं, पण नाटकातल्या कपाटाला पाठ नसते. पुढून दोन दारं, मागे नुसता काळा पडदा. आत शिरलेल्या नटानं पडद्यातून मागे यायचं, घाम पुसायचा, पाणी प्यायचं, आणि वेळ झाली की परत आत जाऊन उभं राहायचं. जुनी मोलकरीण होती तोवर घसेराव दार लागल्या लागल्या मागे येऊन स्टुलावर बसायचे. नवी मुलगी आली आणि घसेराव मागे येईनासे झाले. अख्खा अंक संपेपर्यंत दोघं आतच. अंधारात. हात पसरला तर फळीला लागेल एवढ्या जागेत.

नाटकवाल्यांच्या पोटात काही राहत नाही. आधी मेकअपच्या खोलीत खसखस पिकली, मग जिन्यात. एकदा टाकेबाई इस्त्रीची तार तपासून द्या म्हणून लाइटवाल्याकडे गेल्या, तर तो स्क्रू पिळता पिळता म्हणाला, "टाकेबाई, कपाटाला आतून कडी बसवून देऊ का?" आणि बाकीचे दोघं तिकडे तोंड फिरवून खोकायला लागले. टाकेबाई काय बोलणार? आपलेच दात, आपलेच ओठ. इस्त्री उचलून परत आल्या.

त्या दुपारच्या प्रयोगात त्या पहिल्यांदा कपाटामागे जाऊन उभ्या राहिल्या. पुढे रंगमंचावर नवरा-बायकोचं कडाक्याचं भांडण चाललं होतं, त्यामुळे आतलं शब्दन्‌शब्द काही कळेना. पण कुजबुज होती, हे नक्की. घसेरावांची. आणि मध्येच त्या मुलीचं दाबलेलं हसू. टाकेबाईंनी तो खालचा आवाज इतक्या वर्षांत ऐकला नव्हता. ट्रंकेवर बसून बोलणाऱ्या माणसाचा आवाज होता तो. त्या तिथून निघून आल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी विषय काढला.

"कपाटात काय करता तुम्ही?"

घसेरावांनी दोन बोटं वर केली.

"पाणी देते. आधी सांगा. सगळी कंपनी हसतेय मला. त्या पोरीशी काय एवढं बोलणं असतं?"

घसेरावांनी घशावर हात ठेवला आणि चेहरा केविलवाणा केला. तिसऱ्या अंकात प्रेयसी सोडून जाते तेव्हाचा चेहरा होता तो, टाकेबाईंना पाठ होता.

"तिच्यासमोर नाही का दुखत घसा? माझ्याच समोर दुखतो? बायकोच्या वाट्याला बोटं आणि तिच्या वाट्याला गोष्टी? अहो, भांडा तरी. दोन शिव्या द्या. पण तोंड उघडा."

घसेरावांनी डोळे मिटले. टाकेबाईंनी पेला त्यांच्यापुढे आदळला. पाणी गार होतं. घसेरावांनी बोट बुडवून पाहिलं, भुवई वर केली, आणि स्वतः उठून ते गरम करून आणलं. आता अशा माणसाशी काय डोकं फोडायचं? भांडणालासुद्धा दोन माणसं लागतात. एकट्यानं भांडलं की लोक येडं म्हणतात.

त्या दिवशी प्रयोगाआधी टाकेबाई कपडेपटात कोट शिवायला बसल्या, तेव्हा डोकं नुसतं भणभणत होतं. हात चालले होते, मन भलतीकडेच. पोरगी काय वयाची, हा काय वयाचा. चोराच्या मनात चांदणं असतं म्हणून तर डोळे मिटून घेतो. मी याच्या कमरेचं माप घ्यायचं, मी याचं पोट झाकायला अस्तर लावायचं, आणि असा सजवलेला नवरा तिकडे जाऊन तिच्याबरोबर कपाटात बसणार. मिरवायला मला काय मिळतं? भुवई. इतका वेळ सुई वर-खाली, वर-खाली. दोरा दातानं तोडला आणि कोट हँगरवर लावला. लाइटवाल्यानं घंटा दिली होती, घसेराव कोट चढवून गेलेसुद्धा.

दुसरा अंक सुरू झाला तशा टाकेबाई तडक कपाटामागे गेल्या. आज सोक्षमोक्ष लावायचाच. काळ्या पडद्याला मध्ये चीर होती, तिला कान लावून उभ्या राहिल्या. हातात कातर होती, ती अशीच, गळ्यातली सवयीनं धरलेली. आत एक चुंबन जरी ऐकू आलं असतं ना, तर त्या पोरीच्या झिंज्या धरून तिला बाहेर ओढायची त्यांची पुरती तयारी होती.

आत घसेराव बोलत होते.

"आणि नायिकेची कंबर वाढते, तर दोष कुणाला? मापपट्टीला. शेवटी मी म्हटलं, बाई, पट्टी चुकत नाही हो. आटली आहे. काल धुतली ना."

मुलीनं अॅप्रनमध्ये तोंड खुपसलं असावं, तसा आवाज आला.

टाकेबाई जागच्या जागी थिजल्या. हे त्यांचं होतं. त्यांचं स्वतःचं, इस्त्री करता करता सांगितलेलं, ज्यावर पान उलटलं गेलं होतं.

"आणि आपला मॅनेजर पाहिलास ना? जांभईसुद्धा अर्धीच देतो. उरलेली पुढच्या प्रयोगाला."

हेही त्यांचंच. आठवड्यापूर्वी भाजी चिरताना म्हटलेलं. 'उरलेली' म्हणायच्या आधी जरा थांबायची त्यांची लकबसुद्धा त्यानं उचलली होती, आणि मुलीची हसण्याची जागा बरोबर तिथेच होती. मग वरच्या मजल्यावरच्या बाईंची खाट आली, भांडणारा इस्त्रीवाला आला, चुलत सासूबाईंचा चष्मा आला. एकामागून एक. टाकेबाईंच्या स्वयंपाकघरातून उचललेला सगळा माल.

खरं सांगायचं तर पहिल्यांदा त्यांना बरं वाटलं. ऐकत होता तर. इतकी वर्षं त्या भिंतीशी बोलल्या नव्हत्या, एकेक शब्द त्या कानांत गेला होता आणि नीट जपून ठेवला होता. डोळ्यांत टचकन पाणीच आलं त्यांच्या. दोन घटका तिथेच थांबून निघून गेल्या असत्या तर कदाचित सगळं माफही केलं असतं.

पण तेवढ्यात मुलगी म्हणाली, "सर, तुमच्या घरी बाईंचं हसून हसून पोट दुखत असेल नाही?"

"तिचं?" घसेराव कुजबुजले. "तिला विनोद कळत नाही गं. चांगली आहे बिचारी. पण विनोद नाही कळत."

टाकेबाईंच्या कानशिलात कुणी फाडकन मारावी तसं झालं त्यांना. चांगली आहे. बिचारी. अरे, आयत्या बिळावर नागोबा, बीळ माझं, आणि मलाच बिळाची अक्कल नाही म्हणतोस? चुंबन असतं तर चारचौघांत दाखवता आलं असतं. लोकांनी नवऱ्याला नावं ठेवली असती, शेजारणी डोळे पुसायला आल्या असत्या. याला काय म्हणायचं? माझा नवरा माझं बोलणं दुसरीला नेऊन देतो, ही तक्रार घेऊन कुणाच्या दारात जायचं? ऐकणारा हसेल.

त्यांनी पडद्याची चीर थोडी फाकवली. मागच्या मंद दिव्याच्या उजेडाची एक रेघ चिरेतून थेट घसेरावांच्या पाठीवर पडली. तेव्हा त्यांना ते दिसलं. कोटाच्या पाठीवरचे टाके. बारीक, एकाला एक लागून, दुहेरी दोऱ्याचे, उलट फिरवून घातलेले. रागाच्या भरात हातानं पक्की शिवण घातली होती. हा कोट आता पैलवानानं नव्हे, बैलानं ओढला तरी फाटणार नव्हता.

पैलवान म्हणजे नवऱ्याचं काम करणारा नट. अंगानं धिप्पाड, मनानं ससा. पाठ केलेल्या वाक्यापलीकडे एक अक्षर त्याच्या तोंडून निघायचं नाही. कोट फाटला नाही तर त्याचं काय होणार हे उघड होतं. अजून वेळ होता. पाठ समोर होती, कातर हातात होती, पडद्यातून हात घालून दोन जागी कापलं असतं तर कुणाला पत्ता लागला नसता. टाकेबाईंनी कातर पुढे नेलीसुद्धा. मग 'बिचारी' हा शब्द पुन्हा कानात वाजला, आणि त्यांनी हात मागे घेतला. त्यांच्या हातून काम बिघडण्याची ही पहिलीच वेळ, आणि ते त्यांनी उघड्या डोळ्यांनी बिघडू दिलं.

पैलवानानं कपाट उघडलं. घसेरावांची कॉलर धरली. "कोण आहेस तू? बोल." खेचलं. कोट जसाच्या तसा. प्रेक्षक हसले. पैलवानानं दोन्ही हात लावून खेचलं, तसे घसेराव टाचा उचलून चवड्यांवर आले. "कोण आहेस तू? बोल." अजून हशा, पण थोडा पातळ. तिसऱ्यांदा खेचलं तेव्हा घसेराव गोल फिरले, पैलवानाचा चेहरा पांढरा पडला, आणि त्याच्या तोंडून पुन्हा तेच बाहेर आलं. "कोण आहेस तू? बोल." आता हसायला कुणी तयार नव्हतं. मागच्या रांगेत कुणीतरी खोकलं.

घसेरावांनी तोंड उघडलं आणि मिटलं. नाटकातली वाक्यं संपली होती. बायकोची वाक्यं या प्रसंगाची नव्हती. आणि स्वतःचं वाक्य बोलायची तर सवयच गेली होती. त्यांनी एकदा पैलवानाकडे पाहिलं, एकदा प्रेक्षकांकडे, आणि मग कपाटाकडे तोंड करून खणखणीत आवाजात म्हणाले,

"अगं, ऐकलंस का? कातर आण जरा."

थिएटरच्या शेवटच्या खुर्चीपर्यंत आवाज पोचला. त्या घशाला काहीएक झालेलं नव्हतं. टाकेबाईंनी पडदा बाजूला केला, मोलकरणीला "सरक गं" म्हणाल्या, आणि कपाटातून सरळ रंगमंचावर आल्या. पायात घरातल्या सपाता, गळ्यात मापपट्टी, खांद्याशी टाचण्या. आत जाताना न दिसलेली बाई कपाटातून बाहेर येताना पाहून लोक खुर्चीतून अर्धे उठले.

"घसा बरा झाला वाटतं?" टाकेबाई म्हणाल्या.

हशाची लाट आली. घसेराव दातांतल्या दातांत म्हणाले, "काप लवकर."

"कापते. आधी हे मघापासून काय विचारताहेत त्याचं उत्तर द्या."

पैलवानाला तेवढंच हवं होतं. "कोण आहेस तू? बोल," तो म्हणाला.

"हिचा नवरा," घसेराव म्हणाले.

लोकांनी टाळ्या पिटल्या. टाकेबाईंनी टाळ्या संपू दिल्या. त्यांना प्रेक्षकांशी काही देणंघेणं नव्हतं.

"आणि विनोद कुणाला कळत नाही?"

घसेरावांच्या तोंडावरचा रंग उतरला, मेकअपच्या खालून उतरलेला दिसला. नजर कपाटाकडे गेली, काळ्या पडद्याकडे गेली, परत आली. सगळं उमगलं त्यांना. सवयीनं हात घशाकडे निघाला.

"इशारे नकोत," टाकेबाई म्हणाल्या. "बोला. नाहीतर राहा असेच टांगलेले."

घसेरावांनी हात खाली घेतला. मग म्हणाले, "मला. मला कळत नाही. ते सगळे तुझे आहेत."

हे त्यांनी हळू म्हटलं. मागच्या रांगेतून कुणी विचारलं, काय म्हणाला? पण टाकेबाईंना ऐकू आलं होतं. ट्रंकेवरचा आवाज होता तो, खात्रीनं. त्यांनी कोटाच्या पाठीवर वर आणि खाली दोन जागी कातर चालवली आणि पैलवानाला मान हलवून खूण केली. कोट टर्रकन फाटला. आत बनियन भोकं पडलेलं होतं, ते शिवायचं राहिलंच होतं. घसेराव बनियनवर पळत सुटले आणि एवढा हशा झाला की पडदा पाडणाऱ्याला घंटा ऐकू आली नाही.

मध्यंतरात मोलकरीण कपडेपटात आली. दारातच उभी राहिली, अॅप्रन मुठीत धरून.

"ताई, ते पट्टीचं तुमचं होतं?"

"माझं."

"आणि जांभईचं?"

"तेही."

"खाटेचं? चष्म्याचं?"

"सगळं."

मुलीनं विचार केला. "मग सरांचं त्यात काय होतं?"

"घसा," टाकेबाई म्हणाल्या.

मुलगी दोन्ही हातांनी तोंड दाबून हसली, आणि टाकेबाईंनाही हसू आलं. पोरगी वाईट नव्हती. आपला विनोद कुणी हसून घेतलेला त्यांनी इतक्या जवळून बऱ्याच वर्षांत पाहिला नव्हता.

गोष्ट इथे संपली असती तर टाकेबाई सुखी झाल्या असत्या. पण नाटकवाले सुखानं जगू देतील तर ते नाटकवाले कसले? प्रयोग संपला तसा मॅनेजर हात चोळत आला. म्हणाला, टाकेबाई, हा प्रवेश ठेवायचा. अगदी असाच. सपातांसकट. टाकेबाई म्हणाल्या, मी नटी नाही. मॅनेजर म्हणाला, म्हणून तर. घसेरावांनी दोन बोटं वर केली, म्हणजे मिठाचं पाणी, आणि मान डोलावली, म्हणजे ठेवा.

तेव्हापासून प्रत्येक प्रयोगाला टाकेबाई कोट पक्का शिवतात, कपाटातून बाहेर येतात, आणि विचारतात, विनोद कुणाला कळत नाही? घसेराव म्हणतात, मला. दुसऱ्या प्रयोगातही ते तसंच हळू म्हणाले होते. तिसऱ्यात त्यांच्या लक्षात आलं की 'मला'च्या आधी प्रेक्षकांकडे पाहून जरा थांबलं तर हशा मोठा येतो. पुढे त्यांनी एक आवंढा घातला. मग खांदे पाडले. शेवटचं 'ते सगळे तुझे आहेत' पहिल्या रांगेकडे तोंड करून जायला लागलं, कारण तिथे टाळी होती. एकदा खरं बोललेला माणूस, आणि त्याचंही त्यानं वाक्य करून टाकलं. कातर चालवताना टाकेबाईंना असं वाटायचं की कोट सोडून दुसरंच काहीतरी कापावं.

आणि घरी? घरी एक बोट म्हणजे चहा. दोन बोटं म्हणजे पाणी. घसा.

मग एके दिवशी टाकेबाईच गप्प झाल्या. ठरवून नाही. सकाळी वरच्या बाईंनी खाट सरकवायला सुरुवात केली, टाकेबाईंच्या ओठांवर एक चांगलं वाक्य आलं, आणि त्यांना एकदम दिसलं की हे आज दुपारी कपाटात जाणार. त्यांनी ते गिळलं. गिळलेलं वाक्य घशात अडकतं, हे त्यांना तेव्हा कळलं. दिवसभर अडकून राहिलं. दुसऱ्या दिवशी नायिकेच्या झग्याचं वाक्य गिळलं. तिसऱ्या दिवशी मॅनेजरचं. भाजी चिरताना सुरीचा आवाज, इस्त्रीचा फस्स, आणि बाकी शांत.

दुपारी त्या कपाटामागे आपल्या प्रवेशाची वाट बघत उभ्या राहायच्या. आत मुलगी विचारायची, "सर, आज काही नवीन?" आणि घसेराव नुसतेच खाकरायचे. एकदा त्यांनी पट्टीचंच पुन्हा सांगितलं. मुलगी म्हणाली, "हे झालंय, सर. आणि हे ताईंचं आहे." त्यानंतर घसेराव मागे येऊन स्टुलावर बसायला लागले. घाम पुसायचे, पाणी प्यायचे, बायकोकडे चोरून बघायचे. टाकेबाई मापपट्टी गुंडाळत राहायच्या.

घरी त्यांची चलबिचल वाढली. वर्तमानपत्राचं पान वाचायच्या आधीच उलटायचे. चमचा खाली पाडायचे आणि टाकेबाई काही म्हणतात का बघायचे. एकदा भाजीत मीठ बरोबर असताना भुवई वर केली, फक्त काही ऐकायला मिळावं म्हणून. टाकेबाईंनी मिठाची बरणी पुढे सरकवली.

शेवटी एका सकाळी, चहाच्या वेळी, घसेराव स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले. वर खाट सरकत होती. त्यांनी छताकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं, ओट्यावरचा कपडा उचलला, परत ठेवला.

"अगं," ते म्हणाले, "काय झालंय? बोलत का नाहीस तू माझ्याशी?"

घरी. चहाच्या वेळी. आपणहून. टाकेबाईंनी वर्षानुवर्षं मागितलेलं वाक्य ते, आणि एकाऐवजी दोन आली. त्यांचा ऊर भरून आला. घशात गिळून ठेवलेलं सगळं एकदम वर आलं, खाट, झगा, मॅनेजर, सगळं. तोंड उघडलंच त्यांनी. आणि मग घसेरावांच्या चेहऱ्याकडे नजर गेली. तो चेहरा वाट बघत होता. कान टवकारून, मान जराशी पुढे करून. हा प्रश्न आपल्यासाठी आहे की दुपारच्या कपाटासाठी, हे टाकेबाईंना कळेना. इतक्या वर्षांच्या संसारानंतर कळू नये याचा त्यांना इतका संताप आला की डोळे भरले.

त्यांनी घशावर हात ठेवला. चेहरा केविलवाणा केला. आणि एक बोट वर केलं.

घसेरावांनी त्या बोटाकडे पाहिलं. मग आत आले आणि चहाचं पातेलं शोधायला लागले. एक फळी पाहिली, दुसरी पाहिली, खाली वाकून डब्यांच्या मागे पाहिलं. पातेलं कुठे असतं ते त्यांना माहीत नव्हतं. विचारावं लागणार होतं, आणि टाकेबाईंना काही घाई नव्हती.